भुईदळाचं बोलतं जातं

आमचे भासरे गेल्याची बातमी आली तेव्हा मी वाशिमला लेकीच्या बाळंतपणात होते आणि लाडवांसाठी डिंक तळत होते. आसेगावहून आमचा गडी आला होता. दारातच थांबला, डोक्यावरचं फडकं काढून हातात घेतलं आणि म्हणाला, "काकू, मोठे मालक गेले. पाह्यटी. झोपीतच गेले, काई तरास झाला नाई." मी कढई चुलीवरून खाली उतरवली आणि विचारलं, "बैलाईले पाणी पाजलं का?" गडी माझ्याकडे बघतच राहिला. आतून लेक ओरडली, "आई, हे काय इचारून राह्यली तू?" पण गडी शहाणा होता. म्हणाला, "पाजलं, काकू. कुटार बी टाकलं." मग मी खाली बसले. लेकीनं ते अजून मनात धरलं आहे. तिला कसं समजावावं? ज्या घरात मरण होतं तिथं पहिला दिवस ढोरांचे हाल असतात, कारण ती रडत नाहीत आणि त्यांच्याकडे कोणी बघत नाही. आणि दुसरं म्हणजे, गेलेल्या माणसानं स्वतः बातमी ऐकली असती तर पहिला प्रश्न हाच विचारला असता. हा प्रश्न त्यांनी माझ्याकडून घेतला की मी त्यांच्याकडून, याचा निकाल आमच्या घरात कधी लागला नाही.

पेपरच्या या पुरवणीत नाव असलेल्या माणसांवर लिहून येतं. आमचे भासरे तसे नव्हते. भासरे म्हणजे माझ्या नवऱ्याचे थोरले भाऊ. आसेगावात आमची तीन बैलजोड्यांची शेती, आणि भासऱ्यांनी वळलेला अंबाडीचा दोर शिरपूरच्या बाजारापर्यंत लोक ओळखत, इतकीच त्यांची कीर्ती. पण त्यांनी एक अख्खा मुलूख जिंकून ठेवला होता. त्या मुलखाचा नकाशा कुठं मिळायचा नाही, कारण तो त्यांच्या तोंडातच होता. तो जिंकला जात असताना मी दाराआड बसलेली होते, म्हणून साक्षीदार या नात्यानं लिहिते. त्यांचं नाव लिहीत नाही. उभ्या जन्मात घेतलं नाही, आता कागदावर तरी कशाला घ्यायचं?

माझं माहेर जऊळक्याचं. वडील मास्तर, म्हणून मी चौथीपर्यंत शिकले, आणि वर्गात नसेल इतकी घरात बडबड करायची. लग्न होऊन निघाले तेव्हा आईनं फार काही सांगितलं नाही. "बाई, तोंडाले आवर घालजो," एवढंच म्हणाली. सासरी आल्यावर कळलं की तोंडाला आवर नाही, कुलूपच घालायचं आहे. आमच्याकडे धाकट्या भावाच्या बायकोनं भासऱ्यासमोर यायचं नाही, त्यांच्याशी बोलायचं नाही, त्यांच्या सावलीवर पाय पडू द्यायचा नाही. सासूबाई माझ्या लग्नाआधीच वारल्या होत्या. घर चालवायच्या माझ्या जाऊबाई. त्यांना या बाबतीत सासूबाईंच्या वरच्या समजा. भासऱ्यांना जेवायला बोलवायचं असेल आणि घरात मूल नसेल, तर मी मांजराला सांगायची, "मनी, ताट वाढलं म्हणून सांग त्याईले." ते सपरीतून, म्हणजे ओसरीवरून, उठायचे आणि मांजराला म्हणायचे, "आलो." यात कोणाला हसू येत नसे. तशीच रीत होती.

घर साधंच. पुढे सपरी, तिच्या मागं माजघर, मधे एक दार. दाराच्या या बाजूला भिंतीला लागून जातं, त्या बाजूला भासऱ्यांची बसायची जागा. शेतातून आल्यावर ते तिथं अंबाडीचा वाख घेऊन दोर वळायचे. दोराचं दुसरं टोक धरून त्याला पीळ द्यायचं काम त्यांच्या थोरल्या मुलीचं, वच्छीचं. मी आले तेव्हा ती सहा वर्षांची होती, आणि सहा वर्षांचं मूल दोराचं टोक धरून किती वेळ उभं राहील? म्हणून भासऱ्यांनी तिला थोपवायला गोष्ट काढली. गोष्ट दोराबरोबर सुरू व्हायची आणि दोराबरोबर संपायची. एका दाव्याला एक लढाई, असा त्यांचा हिशेब. नांगराचा लांब दोर निघाला की अख्खा किल्ला पडायचा.

गोष्ट भुईदळाची. जिथं नदी उलटी वाहते त्या मुलखात तो जन्मला. तिथली नदी समुद्रातून निघून डोंगरावर चढते, म्हणून पाणी सगळं वरच्यांना, आणि खालच्यांनी घडे घेऊन डोंगर चढायचा. डोंगर नऊ आणि नऊ डोंगरांचे नऊ राजे. भुईदळाची आई वाटेतच बाळंत झाली, तिनं पोर भुईवर ठेवलं आणि भुईला भेग पडून तिची दोन दळं झाली, म्हणून हे नाव. सोळाव्या वर्षी चाळीस मेंढपाळ आणि एक आंधळा घोडा घेऊन त्यानं पहिला डोंगर घेतला. दाढी फुटेपर्यंत तीन डोंगर झाले. तो काही चांगला माणूस नव्हता, हे आधीच सांगते. गाव जिंकलं की घरोघरची दारं उपटून नेण्याचा त्याचा हुकूम असे, म्हणजे पुन्हा कोणी त्याच्या तोंडावर दार लावायला नको. सावल्या विकणाऱ्यांचं एक शहर होतं. तिथं तो भर दुपारी शिरला, जेव्हा कोणाच्याच अंगाला पुरेशी सावली नसते, आणि तासाभरात शहर त्याचं झालं. ही युक्ती मला आवडली होती. मी जात्यावर तूर भरडत ऐकायची. जातं फिरताना नीट ऐकू येत नाही, म्हणून मी हात हळू चालवायची, आणि जाऊबाई चुलीपासून म्हणायच्या, "काहून वो, आज तूर लय टणक हाये वाट्टे?"

पहिली तीन वर्षं मी ऐकत राहिले. त्या तीन वर्षांत घरात माझं एक वाक्य कोणी मोजलं नाही. हे तक्रार म्हणून सांगत नाही. नव्या सुनेचं कोण ऐकतं? पण ज्याला बोलायची सवय आहे त्याचं न बोलल्यानं पोट दुखतं. मला दिसायचं की बियाणं ओलीला ठेवलंय, दिसायचं की गोठ्याचं पाणी उलट्या अंगाला जातंय, आणि सांगायला समोर फक्त मांजर.

मग मिठाचा किल्ला आला. चौथ्या डोंगरावर अख्खा किल्ला मिठाचा, भिंती इतक्या निसरड्या की शिडी टिकत नाही. भासऱ्यांनी त्या दिवशी मोटेचा सोंदूर, म्हणजे विहिरीतून मोट ओढायचा लांब दोर, वळायला घेतला होता, म्हणजे लढाई लांबणार हे उघड होतं. "भुईदळानं बारा हजार घोडेस्वार घेऊन येढा देल्ला," ते म्हणाले. "एक मयना झाला, दोन मयने झाले. सहा मयने भुईदळ हालला नाई." आणि माझ्या तोंडून निघून गेलं, चांगलं खणखणीत, "अन् बारा हजार घोड्याईनं सहा मयने खाल्लं काय?"

...दोर थांबला. जाऊबाईंच्या हातातली भाकर परातीत पडली. मी जात्याच्या खुंट्यावरचा हात तसाच घट्ट धरून बसले. वाटलं, आता माहेरी पोचवतात. भासऱ्यांशी थेट बोलणं, आणि तेही विचारल्यावाचून, आणि वर त्यांची चूक काढणं! सपरीत वच्छी म्हणाली, "बाबा, काकू..." आणि जाऊबाई आतून ओरडल्या, "गप वो, कार्टे!" मग भासऱ्यांचा आवाज आला, अगदी सावकाश. "काकू कायले बोलन? काकू त बोलत नाई. जातं बोललं ते." पुन्हा दोर वळायला घेतल्याचा आवाज आला. "बराबर इचारलं जात्यानं. पायतो म्या उद्या."

दुसऱ्या दिवशी गोष्टीत भुईदळाचे घोडे उपाशी मरायला लागले होते. मिठाच्या किल्ल्याखाली गवताचं पातं उगवत नव्हतं. वेढा उठवून भुईदळ आयुष्यात पहिल्यांदा मागं फिरला, आणि परतीच्या वाटेवर एका ओसाड घरात त्याला जातं सापडलं. माणूस नाही, काणूस नाही, नुसतं जातं, आणि ते त्याला म्हणालं, "मूर्खा, आधी चारा पेरायचा असते." भुईदळानं तलवार उपसली. पण जात्याला मान नसते, कापणार काय? "मंग त्यानं ते जातं हत्तीवर घातलं," भासरे म्हणाले, "अन् बरोबर घेतलं. जातं खोटं बोले नाई, अन् गोड बी बोले नाई." मी आत पदर तोंडात धरून हसले. जाऊबाई हसल्या नाहीत. पण त्यांनी त्यातून नियम काढला, आणि तो आमच्या घरात शेवटपर्यंत चालला. माझा हात खुंट्यावर असेल तोवर जे बोललं जाईल ते जात्याचं. हात सुटला की मी सून. भासरे गोष्ट मधेच थांबवून विचारायचे, "जातं काय म्हन्ते?" आणि मी तोंड उघडायच्या आत जाऊबाई मान लांबवून बघायच्या. "हात हाये का खुंट्यावर? हं. आता बोल." असं पहारेकऱ्यासारखं त्यांनी किती वर्षं केलं! टाकारीण जात्याला टाकी लावायला यायची, तिलाही त्या सांगायच्या, "सांभाळून मार वो माय, आमचं जातं लय शायनं हाये. राजाले अक्कल शिकवते."

जात्यामुळं भुईदळाचं फार नुकसान झालं, असं वच्छीचं मत होतं. पूर्वी महिन्याला एक किल्ला पडायचा, आता तो वर्षभर नुसता चारा पेरत होता. मी विचारलं, घोड्यांना पाणी कुठलं. त्याला विहिरी खणाव्या लागल्या. मी विचारलं, बारा हजार माणसांच्या भाकरी कोण थापतं. त्याला नवी पलटण उभारावी लागली, तिचा सेनापती एक म्हातारी. मी म्हटलं, दारं उपटून नेलेल्या गावात कुत्री शिरून लोकांच्या भाकरी नेत असतील. यावर भासरे दोन दिवस विचार करत होते. शेवटी भुईदळानं सगळी दारं परत केली, कड्या तेवढ्या स्वतःकडे ठेवल्या. वच्छी दोराचं टोक ओढून म्हणायची, "बाबा, आता लढाई कवा होते?" "चारा झाला का होते." "अन् चारा कवा होते?" "जात्याले इचार." मग ती दारातून डोकं घालून मला दात दाखवायची. पण मिठाचा किल्ला दुसऱ्या खेपेला पडला, चाऱ्याच्या गंजी मागं ठेवून, उलट्या नदीचा पाट किल्ल्याच्या पायथ्याशी वळवून. भिंती विरघळून गेल्या. त्या दिवशी वच्छीनं माझ्यापाशी येऊन कबूल केलं, "काकू, जातं बराबर होतं."

आणि मग खरं वाईट वर्ष आलं. पोळ्यानंतर पाणी पडलंच नाही. ज्वारी गुडघ्याला येऊन वाळली, कणसं नाहीत आणि कडबाही नाही. बाजारात बैल मातीमोल जाऊ लागले. आमच्या घरातल्या पुरुषांनी सपरीत बसून ठरवलं की तिनातल्या दोन जोड्या मंगरुळच्या बाजारात काढायच्या. मी आतून ऐकलं आणि माझं डोकं फिरलं. ढोरांना कडबा मी टाकत होते, मला माहीत होतं किती खाल्ला जातो आणि किती पायाखाली तुडवला जातो. मागच्या पडवीत तीन सालांचा जुना कडबा होता, त्यावर लाकडं आणि मोडका वखर रचलेला, म्हणून कोणाच्या डोळ्यांना दिसत नव्हता. मी रात्री नवऱ्याला सांगून बघितलं. ते म्हणाले, "दादानं ठरवलं. आता काय बोलतं?" ते भावाच्या शब्दाबाहेर जाणारे नव्हते. दोन जोड्या गेल्या तर पुढच्या वर्षी पेरणी कशानं करणार होतो? आणि एकदा उठलेला बैल परत कोणाच्या दावणीला येत नाही. बाजाराच्या आदल्या दिवशी, ऊन कलल्यावर, भासरे वाख घेऊन बसले. चार नवी दावी वळायची होती. आमच्याकडे बैल विकला तरी दावं देत नाहीत, ते घरी परत आणतात; आणि हे माणूस बैल नसलेली दावी घरी आणण्यासाठी वळत होतं. गोष्ट सांगत नव्हते. वच्छी तेव्हा चांगली तेरा-चौदांची, लग्न ठरलेली, पण टोक धरायला अजून तीच. तिनं विचारलं, "बाबा, आज भुईदळ कुठी हाये?"

"घोडे इकून राह्यला," ते म्हणाले. मग म्हणाले, "जातं काय म्हन्ते?"

जात्यात दाणा नव्हता. तूरच नव्हती, भरडणार काय? मी रिकाम्या जात्याशी बसले, खुंट्यावर हात ठेवला आणि एक फेरा दिला. रिकामं जातं फिरवू नये म्हणतात, पण त्या दिवशी जाऊबाई काही बोलल्या नाहीत. मी म्हटलं, "जातं म्हन्ते, राजाच्या मागच्या पडवीत वखराखाली तीन सालाचा कडबा हाये. राजाले दिसत नाई, कारन राजा कवा तिकडं जात नाई. जातं म्हन्ते, घोडे आख्खा कडबा अर्धा खातात अन् अर्धा तुडवतात. इळ्यानं बारीक चिरून देल्ला, वरून तुरीचं जुनं कुटार मिसळलं, त होळीपर्यंत पुरते. होळीनंतर बाभळीच्या शेंगा. घोडे वाळतीन, पन मरनार नाईत. अन् घोडे इकले त पुढच्या साली राजा लढाईले काय पायी जाईन?"

इतकं लांब जातं कधी बोललं नव्हतं. मला धाकटे दीर नाहीत, घरात बोलणारे दोघंच पुरुष, आणि त्यातला एक माझा नवरा, तो दारापलीकडे खाली मान घालून बसला असणार. मग भासरे उठल्याचं कळलं. ते अंगणातून मागं गेले. लाकडं हलवल्याचा आवाज आला, वखर ओढल्याचा आला. बऱ्याच वेळानं परत येऊन बसले आणि वच्छीला म्हणाले, "धर टोक. भुईदळानं घोडे इकले नाई."

दुसऱ्या दिवशी सकाळी बाजारासाठी गाडी जुंपली नाही. त्याऐवजी घरातले सगळे विळे घेऊन पडवीत बसले. त्या हिवाळ्यात माझ्या हाताला जे घट्टे पडले ते अजून आहेत. सगळे बैल वाचले असं म्हणणार नाही. होळीच्या सुमारास पवळ्या बैल बसला तो उठला नाही, आणि त्याचं खापर जात्यावर फोडायला जाऊबाई विसरल्या नाहीत. पण पाच बैलांनी पुढच्या वर्षी पेरणी केली. पवळ्याच्या जोडीदाराला शेजाऱ्याचा उरलेला बैल सावडीनं, म्हणजे दोन्ही घरांची पेरणी आळीपाळीनं करायच्या बोलीवर, मिळाला. पुढं आमच्या आळीत तीन-चार घरं कडबा चिरून घालायला लागली. कोणी विचारलं तर भासरे सांगायचे, "भुईदळाची रीत हाये." लोकांना वाटायचं, भुईदळ म्हणजे कोणी मोठा शेतकरी असेल, यवतमाळकडचा.

त्यानंतर घरात मला कोणी मांजराशी बोलायला लावलं नाही. काही ठरवायचं असलं की भासरे सपरीत बसून, दोर असो वा नसो, विचारायचे, "जातं काय म्हन्ते?" वच्छी सासरी गेली, तिच्या मागची मुलं टोक धरायला आली, मग माझी आली. भुईदळानं आठ डोंगर घेतले. आसेगावात पिठाची चक्की आली आणि माझ्या नवऱ्यानं जातं बाहेर काढायचं म्हटलं तेव्हा भासरे म्हणाले, "चक्कीले इचारशीन का मंग?" जातं जागेवरून हाललं नाही. काळ बदलला. आमच्या मुली आपल्या भासऱ्यांना चहा नेऊन देतात आणि उभ्या राहून गप्पा मारतात. आम्हालाही कोणी अडवलं नसतं. पण आम्हा दोघांनाही ते सुचलं नाही, कारण आमचं बोलणं कधी अडलंच नव्हतं. तीस-पस्तीस वर्षांत त्यांनी माझा चेहरा नीट पाहिला नसेल. आणि माझा हात जात्यावर कधी जड पडतो आणि कधी हलका, हे त्यांच्याइतकं कोणाला कळत नव्हतं.

गेल्या दसऱ्याच्या आधी त्यांच्या उजव्या अंगावरून वारं गेलं. हात गेला आणि वाचा गेली. अर्धा वळलेला दोर खुंटीला लटकत राहिला, आणि भुईदळ नवव्या डोंगराच्या अलीकडे, नदीच्या काठावर, नावा न बांधता थांबला. भासऱ्यांची बाज सपरीत त्यांच्याच जागी टाकली होती. ते भिंतीकडे तोंड करून पडायचे. जाऊबाई पेज भरवायला गेल्या की ओठ मिटून घ्यायचे. चार दिवस, पाच दिवस... जाऊबाई माजघरात येऊन माझ्यापुढं बसल्या आणि आयुष्यात पहिल्यांदा मला काही मागितलं. "तूच बोल त्याईच्याशी," त्या म्हणाल्या. "माझं ऐकत नाईत ते. तुहं ऐकतात."

मी जात्यापाशी बसले, मूठभर तूर टाकली आणि फिरवायला लागले. गोष्ट सांगायची मला सवय नाही, मी फक्त चुका काढलेल्या. मी म्हटलं, "जातं म्हन्ते, भुईदळाची जीभ झोपली. आता फौजेले हुकूम कोण देईन? म्हून जात्यानं हुकूम देल्ला का नावा बांधा अन् नदी उतरा." सपरीतून बाजेच्या लाकडावर डाव्या हाताचे दोन ठोके आले. ठक, ठक. मी थांबले. "नावा नाई बांधायच्या?" ठक. म्हणजे एक हो, दोन नाही. इतकं ठरायला वेळ लागला नाही. आम्हाला आडून बोलायची सवय होती. "मंग पूल?" ठक, ठक, आणि जरा जोरात, म्हणजे मूर्खा. "बरं. पण उपाशी पोटी लढाई होत नाई. जातं म्हन्ते, राजा पेज पेल्याशिवाय पुढची गोष्ट नाई." मग ठक. जाऊबाई वाटी घेऊन धावल्या.

तो सगळा हिवाळा आम्ही नवव्या डोंगरावर भांडलो. मी भुईदळाला म्हातारा करून शांतपणे मारून टाकायला बघितलं, दोन ठोके. त्यानं जिंकलेले आठ डोंगर ज्याचे त्याला परत करावेत, असं सुचवलं; दोन ठोके, आणि बाजच उलटेल असं वाटलं. जिंकलेलं परत करणारा तो नव्हता, त्याला घडवणाराही नव्हता. शेवटी एक दिवस मी कंटाळून म्हटलं, "मंग राहू द्या त्याले तिथंच, काठावर. चारा पेरन, विहिरी खनन. एखाद्या साली पलीकडं पानी पडनार नाई. नवव्या डोंगराचे लोक आपले ढोरं घेऊन सोताच नदी उतरून येतीन. म्हनतीन, राजा, चारा दे." मी जातं थांबवलं. पलीकडे श्वासाचा आवाज येत होता. ...ठक. मी मुद्दाम विचारलं, "लढाई नाई?" जरा वेळानं, हळू, ठक. अशा रीतीनं नववा डोंगर पडला. एकही माणूस मेला नाही, आणि वच्छीला हे सांगितलं तर ती रागावणार हे आम्हा दोघांना माहीत होतं. भुईदळाचा शेवट मात्र राहिला. त्या विषयाला मी पुन्हा हात घातला नाही, मला घाई नव्हती. मग लेकीचे दिवस भरत आले आणि मी वाशिमला निघाले. निघताना दाराआडून म्हटलं, "जातं दोन मयन्यानं बोलन." एक ठोका आला. आमची शेवटची भेट ती. मला ती पुरेशी वाटते.

तेराव्याला सगळे जमले. वच्छी आली, तिचेच केस आता पिकायला लागलेत. बरोबर तिची नात होती, पाच वर्षांची, तिच्याकडून भुईदळाची गोष्ट ऐकलेली. सपरीतली बाज काढली होती, भिंतीवर टेकून टेकून झालेला काळा डाग तेवढा होता, आणि खुंटीवर अर्धा दोर. दुपारी बायका माजघरात पडल्या होत्या. पोरीनं दोराचं टोक धरून ओढलं आणि मला विचारलं, "आजी, मंग भुईदळ मेला का?" वच्छी काहीतरी बोलणार होती, मी तिला थांबवलं. म्हटलं, "छे! त्याले कुठी मरायले येळ..."

कोपऱ्यात जाऊबाई भिंतीकडे तोंड करून निजल्या होत्या. तेरा दिवसांत त्या कोणाशी धड बोलल्या नव्हत्या. त्या वळल्यासुद्धा नाहीत. तशाच पडल्या पडल्या म्हणाल्या, "हात खुंट्यावर ठेव आधी. मंग बोल."

मी सरकून जात्यापाशी बसले.